जुना गुलाबी, नंबर चौदा

२ फेब्रुवारी. सकाळी ७:१०

आजपासून दूध-साखरेचा चहा बंद. कायमचा. यापुढे फक्त फुलांचा चहा, तोही घरी केलेला.

बायकोला छापखान्यातल्या कोणीतरी फुलांच्या चहाचं पाकीट भेट दिलं. तिने ते मिठाच्या बरणीमागे टाकलं होतं. मी उघडून पाकळ्या खिडकीच्या उजेडात पसरल्या. शेड एकसारखी नाही. अर्ध्या जांभळट, अर्ध्या मळक्या. रंगाच्या कारखान्यात एकतीस वर्षं रंग जुळवले, असला माल मी गेटाबाहेर जाऊ दिला नसता.

चार महिन्यांपूर्वी कारखान्यात मशीन आलं आणि मी घरी आलो. मशीनखाली नमुना धरला की तीन सेकंदांत आकडा येतो. मला अकरा मिनिटं लागायची. पण त्यात विचार धरलेला असायचा.

आता हा डोळा फुलांना लावायचा. महिन्याभरात बायको स्वतःहून कप मागेल.

३ फेब्रुवारी

फुलवाल्या बाईंकडून गुलाब आणि जास्वंद आणली. पाकळ्या सुट्या करून कॉटवर कागद पसरून वाळत घातल्या. कागद बायकोच्या प्रुफांचे निघाले. ती छापखान्यात प्रूफरीडर आहे. दुसऱ्याच्या चुका शोधण्याचा पगार घेते आणि घरी ओव्हरटाइम करते. पान एकशे बारावर गुलाबी डाग पडले म्हणून जेवताना तिने ते पान माझ्या ताटाशेजारी आणून ठेवलं.

दुपारी कोपऱ्यावर एक साधा चहा घेतला. घसा बसला होता. औषध म्हणून.

५ फेब्रुवारी. संध्याकाळी ५:३०

पहिला घाणा तयार. रंग अप्रतिम.

बायकोने एक घोट घेतला, चेहरा जरा आवळला आणि ॲसिडिटीचं कारण सांगून कप खाली ठेवला. ॲसिडिटी तिला सोयीप्रमाणे होते.

सासूबाईंनी मात्र पूर्ण कप घेतला. सासूबाई म्हणजे बायकोची आई. वय एक्याऐंशी. पाच वर्षं आमच्याकडेच आहेत, पुढच्या खोलीत खिडकीजवळच्या खुर्चीत. सकाळी हृदयाची एक बारीक पांढरी गोळी, मग दिवसभर खिडकी. आमचं बोलणं आजवर 'पंखा वाढवू का' आणि 'राहू द्या' एवढंच. आज म्हणाल्या की चांगला झालाय हो. एकही तक्रार नाही. जुन्या माणसांना चव असते.

मी स्वतः घेतला नाही. करणाऱ्याची जीभ तटस्थ हवी.

८ फेब्रुवारी

आज बरण्या लावल्या. इथे माझा अनुभव कामी आला.

लोक फुलं नावाने ठेवतात. अडाणीपणा. एका फुलाला दहा नावं, शिवाय वाळलं की ओळखू कोणाला येतं? शेडला मात्र एकच नंबर. म्हणून सगळ्या बरण्या शेडप्रमाणे. कारखान्यातलं जुनं शेडकार्ड, रंगांच्या नंबरवार पट्ट्यांचं, घेऊन प्रत्येक पाकळी उजेडात जुळवली. वाळलेला गुलाब बरोबर 'जुना गुलाबी, १४'. जास्वंद 'विटकरी, ९'. पिवळं काहीतरी होतं ते 'लोणी, २'.

बायकोने चौदा नंबरची बरणी हातात घेऊन विचारलं की यात काय आहे. म्हटलं, चौदा. तिने विचारलं, म्हणजे कुठलं फूल. मी पुन्हा शांतपणे चौदा सांगितलं. तिने बरणी इतकी हळू खाली ठेवली की मला आदळल्यासारखं वाटलं.

११ फेब्रुवारी

वेळ ठरवली. रोज साडेचार. सासूबाईंचा कप मी स्वतः देतो आणि संपेपर्यंत समोर स्टुलावर बसतो. प्रयोगात देखरेख महत्त्वाची. रिकामं कशाला बसायचं, म्हणून शेडकार्ड नेतो. आज त्यांना साय, लोणी, लिंबू, हळद या पिवळ्या पट्ट्या समजावल्या. त्यांनी बोट लावून लावून पाहिल्या. लग्नातल्या साडीचा रंग शोधून काढला. मला तीस वर्षांत कोणी पट्टी इतका वेळ धरून बसलेलं आठवत नाही.

कप संपायला बावीस मिनिटं. पहिल्या दिवशी आठ लागली होती. चव घेत पितात.

१५ फेब्रुवारी

संकट. फुलवाल्या बाईंनी ठेला उचलला. लेकीकडे गेल्या म्हणे. चौदा नंबरची बरणी तळाला.

पण ज्याला डोळा आहे त्याला सगळं दिसतं. पाण्याच्या जुन्या टाकीमागे कुंपणाला उंच झुडपं आहेत. लांब पानं, गुलाबी फुलांचे झुपकेच्या झुपके. कोणी हातही लावत नाही. एवढं भांडार आणि लोक समोरून चालत जातात! पिकतं तिथं विकत नाही, दुसरं काय.

पिशवी भरत होतो तेव्हा माळी पाइप घेऊन आला. म्हणाला की साहेब, ह्याला बकरी तोंड लावत नाही. मी म्हटलं, बकरीला गुळाची चव काय. तो हसला नाही. पाइप तसाच वाहत ठेवून माझ्या पिशवीकडे बघत राहिला. त्याच्या पायाखाली चिखल झाला तरी हलला नाही.

देठातून पांढरा चीक आला. बोटं चिकट. ताजेपणाची खूण.

१८ फेब्रुवारी. दुपारी

वाळली. उजेडात धरली. जुना गुलाबी, चौदा! केसाचाही फरक नाही. जुन्या पाकळ्यांत मिसळली, बरणी हलवली. आता कुठली कुठली हे मलाही सांगता येणार नाही. मशीनला तर नाहीच.

असा मॅच आयुष्यात तीनदाच जमला. डोळ्यांत पाणी आलं. बहुतेक धूळ.

२० फेब्रुवारी

बिल्डिंगच्या सेक्रेटरीला जिन्यात गाठून चहाचं सांगितलं. सात मार्चला सगळ्यांचं स्नेहसंमेलन आहे. म्हणाले, घरटी एक पाकीट द्या, बरं दिसेल. चोवीस घरं! चोवीस घरांत दुसऱ्या दिवशी पातेली चढतील. बायकोला सांगितलं. तिने विचारलं, त्यांनी चव घेतली का. ते घाईत होते.

२२ फेब्रुवारी

किरकोळ नोंदी. ओट्यावर मुंग्यांची रांग असते. ती आता चौदा नंबरच्या बरणीला वळसा घालून जाते. बाकीच्या बरण्यांवरून सरळ. मुंग्यांनाही शिस्त लागली.

काल बशीत उरलेल्या चहात माशी पडली होती. आज तिच्याशेजारी आणखी दोन. वास आवडत असणार.

सासूबाई: एकतीस मिनिटं.

२४ फेब्रुवारी

सासूबाईंचं जेवण कमी झालंय. दुपारी मळमळ, एकदा उलटी. मी बायकोला समजावलं की वर्षानुवर्षांचं साचलेलं बाहेर पडतं तेव्हा असं होणारच. तिने डॉक्टरकडे नेते म्हणून सांगितलं. सासूबाईच नको म्हणाल्या, उन्हाने झालं असेल. पाहा, पेशंटचा विश्वास आहे.

चहा मात्र घेतला. मीच आग्रह केला. सुरू केलेला कोर्स अर्धा सोडायचा नसतो.

२६ फेब्रुवारी. संध्याकाळी ५:२०

आनंदाची बातमी!

आज सासूबाई खिडकीच्या पडद्याकडे बघून म्हणाल्या की पडदा बदलला का, पिवळा दिसतो. पडदा कवडी पांढरा आहे, नंबर तीन, मीच निवडलेला. मी शेडकार्ड पुढे केलं, त्यांनी बोट ठेवलं: साय, १. म्हणजे बघा, पांढऱ्यात लपलेला पिवळा अंश त्यांना दिसायला लागलाय! हा डोळा कमवायला मला सहा वर्षं लागली. यांना चहाने तीन आठवड्यांत आला.

यापुढे रोज नोंद ठेवणार. कप, चिमटी, मिनिटं, पडदा. सगळं.

२७ फेब्रुवारी: एक कप. एक चिमूट चौदा. ३४ मिनिटं. पडदा: लोणी, २.

२८ फेब्रुवारी: एक कप. चिमूट जरा मोठी. ३८ मिनिटं. पडदा: लोणी, ४. चक्कर. चांगली खूण, अंगात हालचाल आहे.

१ मार्च

हात दाखवून अवलक्षण. चोवीस पाकिटं बंद करायला चिकटपट्टी हवी म्हणून कोपऱ्यावरच्या औषधवाल्याकडे गेलो. कशाला हवी विचारलं, म्हणून सांगितलं. नको ते झालं. गिऱ्हाईक सोडून माझीच चौकशी. गुलाबी फुलं कुठली. पानं लांब आहेत का. देठ तोडला की चीक येतो का. घरात कोणी हृदयाची गोळी घेतं का.

सासूबाई घेतात म्हटल्यावर त्याने हातातला डबा खाली ठेवला. म्हणाला की आत्ता जाऊन एक फांदी आणून दाखवा, आणि मी बघेपर्यंत कोणाला एक थेंब देऊ नका. आवाज चढवला नाही. उलट उतरवला. तेच मला आवडलं नाही.

उद्या दाखवतो म्हटलं. दाखवणार नाही. त्याच्या गोळ्यांचा धंदा बसेल ही भीती आहे, न कळायला मी काय काल जन्मलो?

चिकटपट्टी दुसरीकडून घेतली.

२ मार्च: एक कप. ४१ मिनिटं. पडदा: लिंबू, ३. जेवण: दोन चमचे सूप.

आज औषधवाल्याच्या दुकानासमोरून जाताना त्याने हाक मारली. फोन कानाला लावला. फोन आला नव्हता.

३ मार्च

सासूबाईंची नाडी मोजली. मिनिटाला अठ्ठेचाळीस. माझी ब्याऐंशी. पाकिटावर 'मन शांत' छापतात, इथे पुरावा आहे. मध्येच एक ठोका चुकतो, मग दोन घाईघाईने येतात. वयाचा दोष.

बायको दारात उभी राहून बघत होती. म्हणाली की आई आजकाल हसते तेव्हा डोळे कुठेतरी दुसरीकडेच असतात. सहापर्यंत छापखान्याचं काम, सातला स्नेहसंमेलन, आठला सकाळी डॉक्टर, ठरलं म्हणजे ठरलं. आणि तोवर चहा नको. मी बरं म्हटलं. वाद कशाला.

४ मार्च: एक कप. (बायको ऑफिसात.) ४४ मिनिटं. पडदा: लिंबू, ६.

सासूबाईंनी विचारलं की लेक नको म्हणाली होती ना. मी म्हटलं, आपल्या दोघांतच राहू द्या. त्यांनी स्टुलाकडे बघितलं. मग कप घेतला. आज पट्ट्यांवरून बोट घसरत होतं, म्हणून मीच त्यांचं बोट धरून फिरवलं. फार थंड होतं.

५ मार्च

पाकिटं भरली. चोवीसच्या चोवीस चौदा नंबर. हातांना चुरचुर. स्वयंपाकघराचं दार लावून भरली, धूळ उडू नये म्हणून. नंतर डोकं इतकं धरलं की ओट्याला टेकून उभा राहिलो.

एक क्षणभर औषधवाला आठवला. लगेच विसरलो.

६ मार्च: एक कप. ४५ मिनिटं. पडदा: हळद, २. दिव्याभोवती पिवळं कडं दिसतं म्हणाल्या. मला का दिसत नाही? मी एकतीस वर्षं फुकट घालवली की काय.

७ मार्च. दुपारी २

स्नेहसंमेलन पार पडलं. चोवीस पाकिटं वाटली. लोकांनी दोन्ही हातांनी घेतली. खोकल्याने (वरच्या मजल्यावरचा शेजारी, दुसरं नाव मला माहीत नाही) तर वास घेऊन वा म्हटलं. मशीनला कधी कोणी वा म्हणालं असेल?

आज बायको घरी आहे, पण सेक्रेटरीच्या बायकोबरोबर खुर्च्या मोजायला खाली थांबली. साडेचारला अजून वेळ आहे.

४:३०. कप दिला. सासूबाई म्हणाल्या की आज अर्धाच द्या, हात उचलत नाही. मी म्हटलं कोर्स आहे, आणि कप मीच धरला.

४:५०. पडदा विचारला. म्हणाल्या, सगळंच. सगळंच पिवळं. तुम्हीसुद्धा.

४:५५. नाडी मोजतोय. एकोणचाळीस. पुन्हा मोजतो.

५:०२. कप पडला. उत्तर देत नाहीत. खाली जातो

८ मार्च. सकाळी. (बायकोच्या प्रुफाच्या पाठीवर लिहितोय. वही माझ्याकडे नाही.)

हॉस्पिटलचा कॉरिडॉर. भिंत फिकट हिरवी. नंबर बघितला नाही.

काल डॉक्टरीणबाईंनी विचारलं की काय दिलं. म्हटलं, चौदा. चौदा काय? कधीपासून, किती, रोज का, एकाचंही उत्तर सरळ आलं नाही. गुलाबच म्हणत राहिलो. गुलाब होताही त्यात. त्या माझ्यासमोर थांबल्या होत्या आणि आत मॉनिटर सावकाश वाजत होता. दोन आवाजांच्या मधे किती वेळ जायचा!

मग बायको आली. रिक्षाने घरी जाऊन ती माझी रोजनिशी घेऊन आली होती. काल ती स्टुलाजवळ उघडीच राहिली होती; एरवी माझ्या कपाटात, जुन्या शेडकार्डांच्या खाली असते, ते तिला माहीत होतं. आठ वर्षं माहीत होतं. कधी उघडली नाही म्हणाली, घरी फुकट प्रुफं वाचायची हौस नाही.

कॉरिडॉरमध्ये उभी राहून तिने मोठ्याने वाचली. बकरी. चीक. मुंग्या. औषधवाला. तिचा वाचायचा आवाज कामाचा असतो, सरळ, विरामचिन्हांसकट. 'चक्कर. चांगली खूण.' इथे थांबली. परत तेवढंच वाचलं. मग पुढे. मी भिंतीकडे तोंड करून उभा होतो.

डॉक्टरीणबाईंनी तारखा उतरवून घेतल्या. साय, लोणी, लिंबू, हळद, सगळं. पिवळं दिसणं, नाडी उतरणं, हृदयाची गोळी, लांब पानं. म्हणाल्या की कण्हेर. दोन माणसं पळत आत गेली.

कण्हेर. हे नाव मी लहानपणापासून ऐकत आलोय. विषारी असते हे शेंबड्या पोरालाही ठाऊक. चेहऱ्याने ओळखत नव्हतो, एवढंच. एवढंच म्हणजे काय, ते आत झोपलंय.

डॉक्टरीणबाई म्हणाल्या की ही नोंद नसती तर शोधण्यात वेळ गेला असता. कोणीतरी म्हणालं, छान ठेवलीय.

९ मार्च

अजून आतच. नाडी बेचाळीस.

चोवीस पाकिटं! काल संध्याकाळी एकदम आठवलं. सेक्रेटरीला फोन केला, मग स्वतः धावलो. पहिल्या मजल्यापासून बेल वाजवत. प्रत्येक दार उघडेपर्यंत आत कोणीतरी जमिनीवर पडलेलं दिसायचं मला.

पहिलं घर: पाकीट जसंच्या तसं, सील न फोडलेलं. दुसरं: तसंच. तिसऱ्या घरात शोधायला दहा मिनिटं लागली, टीव्हीमागे होतं. खोकल्याकडे चपलांच्या कपाटात, वासाला ठेवलं होतं. सेक्रेटरींनी पाकीट देताना मान खाली घातली, मी तसा चहा घेत नाही म्हणाले.

चोवीस दिली, चोवीस परत आली. एकही उघडलेलं नाही. जिन्यात पायरीवर बसून रडलो. सुटलो म्हणून. आणि खरं लिहायचं तर, थोडा त्या दुसऱ्या कारणानेही.

म्हणजे एवढ्या मोठ्या जगात माझा चहा पिणारं एकच माणूस होतं.

सगळ्या बरण्या औषधवाल्यापुढे नेऊन ठेवल्या. त्याने काही ऐकवलं नाही. ऐकवलं असतं तर बरं झालं असतं. तोंडाला पंचा बांधून, हातमोजे घालून त्याने सगळं बंद पिशवीत भरलं. आई कशा आहेत, एवढंच विचारलं.

१२ मार्च

नाडी साठ. पडदा विचारायचं धाडस नाही. नर्सबाई म्हणाल्या, चादर पांढरी आहे असं स्वतःहून सांगितलं त्यांनी.

बायकोने वही परत दिली. प्रूफरीडरच्या लाल पेनाची एकही खूण नाही. मी पानन् पान उलटून शोधली.

१६ मार्च. संध्याकाळी ६

सासूबाई काल घरी आल्या. त्याच खुर्चीत. हाताला सुयांचे निळे डाग.

आज साडेचार वाजता मी स्वयंपाकघरात उभा होतो. पुढच्या खोलीत जायची हिंमत होत नव्हती. त्यांनीच हाक मारली, जावईबापू, वाजले ना हो साडेचार. कपात नुसतं गरम पाणी घेऊन गेलो. बायको मागोमाग आली, माझ्या हातातून कप घेऊन आधी स्वतः एक घोट प्यायली, मग त्यांना दिला. ती यापुढे रोज असंच करणार. मला बोलायचा हक्क नाही.

माफी मागितली. नीट जमली नाही. सासूबाई म्हणाल्या की चहा पहिल्या दिवसापासून कडूजहर होता. मग का घेत होतात, मी जवळजवळ ओरडलोच. त्यांनी पाण्यावर फुंकर घातली. म्हणाल्या की पाच वर्षांत ह्या खोलीत पंख्याचं विचारण्यापलीकडे कोणी टेकलं नव्हतं. कप संपेपर्यंत तुम्ही उठत नव्हतात. म्हणून हळूहळू घ्यायचे.

बायको दारातून आत निघून गेली.

मी स्टुलावर बसून राहिलो. शेडकार्ड नेलं नव्हतं. आजचा कप संपायला एक तास पाच मिनिटं लागली. नुसत्या पाण्याचा.